मोबाईल गेममधल्या जाहिरातींवर काही उपाय आहे का? (आईसाठी विचारतेय, खरंच आईसाठी)

अर्धा_कप_चहा

यावर आधी धागा निघाला असेल तर लिंक द्या, ॲडमिन हा उडवू शकतात. मला शोधून सापडला नाही.

तर झालं असं की आईचं (वय ७१) गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि दोन महिने घरात बसून करणार काय म्हणून मीच शहाणपणा करून तिच्या फोनवर एक फरशा जुळवायचा गेम टाकून दिला. एकसारख्या फरशा शोधायच्या, दाबायच्या, गेल्या. तिला इतका आवडला की पेपरातलं शब्दकोडं आता दुपारच्या चहानंतर होतं, आधी गेम. इथपर्यंत सगळं छान.

पण दर लेव्हल संपली की जाहिरात. येऊ दे की, टीव्हीवर नाही का येत, असं मी म्हणत होते, पण परवा शेजारी बसून बघितलं आणि डोकंच फिरलं. फुली मोहरीएवढी, ती पण पांढऱ्यावर पांढरी, कधी डावीकडे कधी उजवीकडे, दाबली की जाहिरात बंद व्हायच्या ऐवजी प्ले स्टोअर उघडतं, तिथून मागे आलं की अजून एक पान, त्यावर दोन बाण, ते दाबले की पाच सेकंद थांबा, मग कुठे खरी फुली. वीस मिनिटांत मी ९ जाहिराती मोजल्या. आणि फोनमधे मी न टाकलेली ११ ॲप! दोन टॉर्च (फोनला स्वतःचा टॉर्च असताना), तीन 'फोन साफ करा' वाली, एक राशीभविष्य, एक चक्क कर्ज देणारं, बाकीची काय आहेत तेही कळलं नाही. आई म्हणते मी काही केलं नाही, हिरवं बटण आलं की दाबते, त्याशिवाय पुढे जातच नाही ते. कर्जवालं ॲप कॉन्टॅक्ट बघू का विचारत होतं, नशिबाने तेव्हा तिच्या डोळ्यावर चष्मा नव्हता म्हणून तिने फोन पालथा घालून ठेवला.

'गेम काढून टाका' हा सल्ला कृपया नको. भावाने तो देऊन झालाय आणि आईने त्याच्याशी अबोला धरलाय.

उंटावरचा_शहाणा

विमान मोड. धागा संपला.

अर्धा_कप_चहा

@उंटावरचा_शहाणा तेवढं मलाही सुचलं हो. मग फोन लागत नाही ना. दुपारी तीनला सांगलीहून मावशीचा फोन येतो, तो लागला नाही तर मावशी शेजारच्यांना फोन करते आणि शेजारचे मला ऑफिसात. एकदा होऊन गेलंय हे.

ठाणे_लोकल

विमान मोड कशाला, नुसता डेटा आणि वायफाय बंद करा, साधा फोन येत राहतो. मला हे पारसिकच्या बोगद्याने शिकवलं. फास्ट लोकल त्या बोगद्यातून जायची तेव्हाची गोष्ट, कळवा सोडलं की मी गेम काढायचो आणि गाडी आत शिरली की नेट गायब आणि गेम एकदम सज्जन व्हायचा, लेव्हलमागून लेव्हल, मधे कोणी नाही. बाहेर आलो की दिव्याच्या आधी पहिली जाहिरात हजर. चार-पाच दिवसांनी ट्यूब पेटली.

पूर्ण नेट बंद नको असेल (व्हॉट्सॲप वगैरे) तर फक्त त्या गेमचं नेट तोडता येतं. शाओमी, रिअलमी, ओप्पो यांच्या फोनमधे ॲपच्या माहितीत डेटा वापर म्हणून असतं तिथे मोबाईल डेटा आणि वायफाय दोन्ही त्या ॲपपुरतं बंद करता येतं. बऱ्याच दुसऱ्या फोनमधे मात्र नुसता बॅकग्राउंड डेटाच बंद होतो, त्याचा इथे काही उपयोग नाही कारण गेम समोरच उघडा असतो. अशांसाठी नेटगार्ड नावाचं ॲप आहे, फुकट आणि ओपन सोर्स (म्हणजे आतला कोड कोणालाही बघता येतो), त्यात प्रत्येक ॲपपुढे चालू-बंद करता येतं, फोन रूट करायची (म्हणजे त्याचं आतलं कुलूप तोडायची) भानगड नाही. फक्त ते व्हीपीएन असल्याचं सोंग घेऊन चालतं म्हणून वर किल्लीचं चिन्ह दिसतं, घाबरू नका. आयफोनवाल्यांना सेटिंगमधे ॲपनुसार मोबाईल डेटा बंद करता येतो पण वायफाय नाही, म्हणजे घरी काही फायदा नाही.

आणि एक, नेट तोडल्यावरही पहिल्या एक-दोन जाहिराती दिसल्या तर 'चालत नाही' म्हणून इथे येऊन ओरडू नका, त्या आधीच उतरवून ठेवलेल्या असतात. गेम फोर्स स्टॉप करून परत उघडा.

सुपारी_कातरणारी

+१. पण हल्ली काही गेम नेट नसलं की सुरूच होत नाहीत, 'कनेक्शन तपासा' म्हणून फुगा येतो. एकट्याने खेळायच्या पत्त्यांना नेट कशाला लागतं हो? रमीत कोणी भिडू नसताना?

कोडगा

लागतं ते जाहिरातीसाठीच. बोलतो मी, शिव्या घालणार असाल तर घाला, मी पुण्यात गेम बनवतो. आम्ही अडीच माणसं आहोत (अर्धा म्हणजे माझा मेहुणा, चित्रं काढतो, संध्याकाळी).

आधी शब्द समजून घ्या म्हणजे पुढची चर्चा सोपी जाईल. खाली पट्टी असते तो बॅनर. अख्खा पडदा व्यापते ती इंटरस्टिशियल, तुमच्या आईंना छळते ती हीच. तिसरी बक्षीसवाली, 'जाहिरात बघा आणि एक जीव मिळवा', ही तुम्ही स्वतः मागून घेता. चौथी खेळून बघायची, तिला लोक जाहिरात न समजता गेमच समजतात. पैसे आम्हाला हजार वेळा दिसली की अमुक अशा हिशोबाने मिळतात आणि भारतातला दर अमेरिकेच्या मानाने फार म्हणजे फारच कमी आहे, म्हणून काही लोक तोच आकडा गाठायला दर मिनिटाला जाहिरात मारतात. ॲडमॉबमधे (गेमला जाहिराती पुरवणारी गूगलची सेवा) इतक्या मिनिटांत इतक्याच वेळा दाखव अशी मर्यादा बसवता येते. जुगार, डेटिंग असे प्रकार बंदही करता येतात आणि कमाल वयोगट ठरवता येतो. जो हे करत नाही तो मुद्दाम करत नाही.

आता फुली. फुली गेमवाला काढत नाही. जाहिरात ज्या नेटवर्ककडून येते त्यांची चौकट असते, आतली सजावट जाहिरातदाराची. आणि जाहिरातदार बऱ्याचदा नुसतं दिसण्याचे नाही तर इन्स्टॉलमागे पैसे मोजतो, म्हणजे तुमचा अंगठा चुकला तरी कोणाचातरी फायदाच. म्हणून ती मोहरीएवढी असते. चित्रातच एक खोटी फुली छापलेली असते ती वेगळीच.

गूगलने यावर नियम केलाय, ३० सप्टेंबर २०२२ पासून लागू. लेव्हल सुरू होताना किंवा खेळाच्या मधेच अचानक अख्ख्या पडद्याची जाहिरात आणायची नाही आणि १५ सेकंदांनंतर ती बंद करता आलीच पाहिजे. बक्षीसवालीला हा नियम नाही कारण ती तुम्ही मागितलेली असते. लेव्हल संपल्यावर चालते, म्हणून सगळ्यांनी ती तिकडे सरकवली आणि लेव्हल छोट्या केल्या :)

भैताड_संत्रा

काऊन येवढं डोकं लावून रायले बे तुम्ही लोक? मोड केलेली एपीके घ्या, जाहिराती नाही, नाणे अनलिमिटेड, विषय कट. टेलिग्रामवर पडून आहेत ढिगानं.

झारीतला_शुक्राचार्य

@भैताड_संत्रा नका हो असं सांगू, इथे एका ७१ वर्षांच्या बाईंचा फोन आहे ज्यात बँकेचं ॲपही असणार. मूळ गेम फोडून त्यात बदल करून परत बांधलेली फाईल, कोणी बांधली माहीत नाही, आत अजून काय टाकलं माहीत नाही, आणि ती टाकायला 'अज्ञात स्रोत' चालू करायचं. चोराच्या भीतीने दार काढून ठेवल्यासारखं आहे हे.

त्यापेक्षा प्रायव्हेट डीएनएस करा. अँड्रॉइड ९ पासून (२०१८) प्रत्येक फोनमधे आहे, काही टाकावं लागत नाही. सेटिंगमधे नेटवर्क किंवा कनेक्शनच्या आत प्रायव्हेट डीएनएस शोधा, 'प्रोव्हायडरचं होस्टनेम' निवडा आणि तिथे लिहा डीएनएस डॉट ॲडगार्ड हायफन डीएनएस डॉट कॉम. इंग्रजीत, सगळी लहान अक्षरं, मधे जागा सोडायची नाही. सेव्ह. एवढंच.

हे काय करतं ते सांगतो. गेमला जाहिरात आणायची असते तेव्हा तो आधी जाहिरातवाल्या सर्व्हरचा पत्ता विचारतो. गावात नवखा माणूस आला की पारावर बसलेल्यांना विचारतो ना, अमक्याचं घर कुठंय म्हणून, तसं. आता पारावर आपला माणूस बसवला. बाकी सगळ्यांची घरं तो बरोब्बर दाखवतो, जाहिरातवाल्याचं विचारलं की 'या नावाचं इथं कोणी राहत नाही'. गेम थोडा वेळ वाट बघतो आणि पुढे सरकतो.

तोटे पण ऐका. एक म्हणजे पारावरच्याला कळतं तुम्ही कोणाकोणाची घरं विचारता ते, म्हणजे त्याच्यावर विश्वास पाहिजे. दुसरं, ऑफिसच्या किंवा स्टेशनच्या वायफायवर कधीकधी नेटच चालत नाही, तेव्हा परत 'ऑटोमॅटिक' करायचं. एखादं पेमेंटचं ॲप रुसलं तर तेच. आणि व्हिडिओ आणि जाहिरात एकाच सर्व्हरवरून येत असेल तिथे याचा काही उपयोग नाही, म्हणून यूट्यूबवर चालत नाही, तो प्रश्न पुढच्या प्रतिसादात येणारच आहे म्हणून आधीच उत्तर दिलं.

मिरजेचा_सतारमेकर

यूट्यूबवर चालतं का हे?

झारीतला_शुक्राचार्य

...

उंटावरचा_शहाणा

होस्टनेममधे 'डॉट' असं अक्षरात लिहायचं का टिंब द्यायचं? मी 'डॉट' लिहून बघितलं, फोन म्हणतो कनेक्ट होत नाही. (कृपया हलके घ्या.)

मावशीबाई

छान माहिती, प्रिंट काढून ठेवते. माझा नातू ४ वर्षांचा, त्याचा आयपॅडवर चित्रं रंगवायचा खेळ आहे, खाली पट्टीवर सारखं काहीतरी नाचत असतं आणि तो नेमकं तिथंच बोट लावतो. सुनेने गायडेड ॲक्सेस नावाचं चालू करून दिलंय. सेटिंगमधे ॲक्सेसिबिलिटीत असतं. बटण तीनदा दाबलं की खेळातून बाहेर पडताच येत नाही, आणि मला सगळ्यात आवडलं ते म्हणजे बोटाने पडद्यावर गोल काढला की तेवढा भाग मेल्यासारखा होतो, कितीही दाबा. आम्ही खालची पट्टी तशी मारून टाकलीय. तो आता तिथल्या नाचणाऱ्या बाईला टाटा करतो.

अँड्रॉइडमधे काय आहे तसं?

ठाणे_लोकल

@मावशीबाई ॲप पिन करणं आहे, पण ते इतकं कडक नाही, पिन करतानाच फोन सांगतो की हे ॲप दुसरी ॲप उघडू शकतं. आणि पडद्याचा तुकडा मारायची सोय नाही.

हडसनकाठचा_जोशी

आमच्याकडे जर्सीत मुलांच्या फोनवर ॲपल आर्केड आहे, जाहिरात नाही, आत खरेदी नाही, प्रश्नच मिटला. इतक्या उठाठेवी करण्यापेक्षा सरळ पैसे का देत नाही लोक हे मला कळत नाही.

सुपारी_कातरणारी

आला आमचा जर्सीचा गाईड. हलके घ्या हो जोशीबुवा.

कोडगा

जोशींचं म्हणणं अगदीच चूक नाही. अँड्रॉइडवर प्ले पास आहे, भारतात २०२२ मधे आला तेव्हा महिना ९९ रुपये होता, त्यातल्या गेममधे जाहिराती काढलेल्या असतात. नेटफ्लिक्सचे वर्गणीदार असाल तर २०२१ पासून त्यांचे गेम त्यातच येतात, जाहिराती नाहीत, लोकांना हे माहीतच नसतं. पण तुमचा ठरलेला गेम या यादीत असेलच असं नाही आणि आईंना 'तो' गेम हवाय, दुसरा नाही, बरोबर?

मग त्या गेममधलंच 'जाहिराती काढा' बघा. घ्यायच्या आधी तीन गोष्टी. ते बहुतेक वेळा फक्त बॅनर आणि अख्ख्या पडद्याची काढतं, बक्षीसवाली राहते, नंतर फसवलं म्हणू नका. ते एकदाचं आहे का दर आठवड्याला कापणारं आहे ते नीट वाचा. आणि ते त्या गूगल खात्याला चिकटतं, त्यामुळे फोन बदलला तरी 'रिस्टोर' दाबून परत मिळतं, पण फॅमिली लायब्ररीतून घरच्यांना वाटता येत नाही. अख्खा विकत घेतलेला गेम वाटता येतो, आतली खरेदी नाही.

अर्धा_कप_चहा

@कोडगा हो 'तो'च गेम. मी दुसरा अगदी तसाच टाकून दिला होता, म्हणे याच्या फरशा 'आपल्या' नाहीत.

'जाहिराती काढा' १९९ ला दाखवतंय. आईला सांगितलं तर म्हणाली गेमला कसले पैसे, ते काय जेवू घालतात का.

झारीतला_शुक्राचार्य

ती ११ ॲप काढलीत का आधी? ते सगळ्यात महत्त्वाचं. प्ले स्टोअरमधे ॲप मॅनेज करायच्या यादीत अलीकडची वर येतील असं लावा आणि एकेक उडवा. 'इतर ॲपच्या वर दाखवा' ही परवानगी कोणाकोणाला दिलीय ते बघा, फोन साफ करणारी मंडळी ती हमखास मागतात. गेम बंद असताना, होम स्क्रीनवर असताना जाहिरात उगवत असेल तर गुन्हेगार गेम नाही, यातलंच कोणीतरी आहे. उगवली की लगेच अलीकडच्या ॲपचं बटण दाबायचं, ज्याचं चिन्ह दिसेल तो चोर. गूगलने २०२० च्या फेब्रुवारीत असल्या उपद्रवी जाहिरातींसाठी जवळजवळ ६०० ॲप एका फटक्यात हाकलली होती, पण रक्तबीजासारखं आहे ते.

कर्जवालं तर आत्ता, हा प्रतिसाद वाचायच्या आधी काढा. वैयक्तिक कर्जाच्या ॲपना कॉन्टॅक्ट आणि फोटो बघायला प्ले स्टोअरच्या नियमाने २०२३ च्या मे अखेरपासून बंदी आहे. तरी मागतंय म्हणजे समजून जा. पुढे वसुलीसाठी आख्ख्या कॉन्टॅक्ट लिस्टला फोन करतात हे लोक.

म्हापसा_बाजार

माझ्या पप्पांचं वेगळंच झालेलं. त्यांच्या साध्या प्रीपेडमधून रोज थोडे थोडे पैसे जायचे, आम्हाला वाटलं कंपनी चोर. मग बघतो तर गेममधल्या जाहिरातीवर बोट लागून एक पान उघडलेलं, त्यावर दोनदा हो केलेलं, आणि रोजच्या जोक्सची सर्व्हिस चालू. जोक्स पण हिंदीत, पप्पांना कळत नव्हते, तरी वाचायचे. १५५२२३ वर स्टॉप असा मेसेज केला की असल्या सर्व्हिस बंद करता येतात, हा नंबर सगळ्या कंपन्यांना चालतो. आईंच्या नंबरवर काही चालू नाही ना बघून घ्या.

भैताड_संत्रा

बरं बाप्पा, एपीके नको तर नको. मग फुकटात चांगले गेम तरी सांगा ना कोणी. मले बुद्धिबळ शिकाचं आहे, आमच्या नागपूरच्या दिव्यानं वर्ल्ड कप मारला तवापासून घरी पोट्टे पटावरच बसून रायतात आणि मले हरवतात.

झारीतला_शुक्राचार्य

@भैताड_संत्रा हा प्रश्न आवडला. लिचेस घ्या, डोळे झाकून. २०१० पासून आहे, ना-नफा संस्था चालवते, जाहिरात एकही नाही, कधीच नव्हती, सगळं देणगीवर. कोडी, विश्लेषण, सगळं फुकट. पैसे देणाऱ्याला नावापुढे एक पंख मिळतो, बाकी काही जास्त मिळत नाही.

दुसरं म्हणजे सायमन टॅथम यांचा कोड्यांचा संग्रह. दिसायला अगदी सरकारी फॉर्मसारखा, पण सुडोकू (तिथे त्याचं नाव सोलो आहे, शोधताना फसाल), सुरुंग, पूल बांधायचे, अशी चाळीसेक प्रकारची कोडी, प्रत्येकात हवी तितकी अवघड बनवून मिळतात, नेट लागत नाही. मी चार वर्षं तेवढ्यावर काढली आहेत. तळघरातले राक्षस मारायचे असतील तर शॅटर्ड पिक्सेल डंजन. एफ-ड्रॉइड म्हणून एक वेगळं दुकान आहे तिथे सगळंच ओपन सोर्स, त्याच्या गेमच्या विभागात रविवारची दुपार घालवा.

प्ले स्टोअरमधे शोधताना गेमच्या नावाखाली बारीक अक्षरात जाहिराती आहेत, आत खरेदी आहे असं लिहिलेलं असतं. ते न वाचता आपण चांदण्या बघतो.

मिरजेचा_सतारमेकर

अवांतर: त्या जाहिरातीत दाखवतात तो गेम कुठे मिळतो? राजा, त्याच्यावर लाव्हा, खिळे ओढायचे, आणि तो दाखवणारा माणूस इतका मंद की मुद्दाम चुकीचा खिळा ओढतो. मी रागाने तीनदा इन्स्टॉल केला, आत नुसत्या रंगीत गोळ्या जुळवायच्या.

कोडगा

तो मंद नाही, तुमचा हात शिवशिवावा म्हणूनच त्याला चुकवतात. होमस्केप्स आणि गार्डनस्केप्सच्या अशाच जाहिरातींवर ब्रिटनच्या जाहिरात नियामकाने २०२० मधे बंदी घातली होती, कारण खिळे ओढायचा भाग मूळ खेळात अगदीच नगण्य होता.

सुपारी_कातरणारी

आपल्याकडे काही कायदा आहे का नाही यावर? का नुसतं लिहायचं आणि सोसायचं?

पक्षकार_क्र_२

आहे. नोव्हेंबर २०२३ मधे केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने डार्क पॅटर्नबद्दल (म्हणजे ग्राहकाला फसवणारी पडद्यावरची मांडणी) मार्गदर्शक सूचना काढल्या, त्यात १३ प्रकार नावानिशी आहेत. जाहिरात जाहिरात नाही असं भासवणं त्यात आहे, एकच गोष्ट करा करा म्हणून पिडणं आहे, सबस्क्रिप्शनचा सापळा आहे, आणि बटणांची मांडणी अशी करणं की माणूस नको तिथे दाबेल, तेही आहे. म्हणजे ही मोहरीएवढी फुली मला तरी तिथे बसलेली दिसते. तक्रार १९१५ वर करता येते, ग्राहक हेल्पलाईन. एका जाहिरातीसाठी कोणी फोन करेल असं नाही, पण पैसे कापले गेले असतील तर जरूर करा आणि स्क्रीनशॉट ठेवा.

पैसे लावायच्या ऑनलाईन खेळांवर २०२५ च्या ऑगस्टमधे संसदेने कायदा केला, त्यात त्यांच्या जाहिरातींवरही बंदी आहे. रमीच्या जाहिराती एकदम गायब झाल्या ते त्यामुळे. अजून एखाद्या गेममधे 'इतके जिंका' वालं काही दिसलं तर ते बेकायदा समजा आणि दाबू नका. आणि २०२३ च्या डेटा संरक्षण कायद्यात १८ वर्षांखालच्या मुलांचा माग काढून त्यांच्यावर नेम धरून जाहिरात दाखवायला मनाई आहे. ७१ वर्षांच्या मुलांसाठी काही नाही.

हडसनकाठचा_जोशी

सगळं वाचलं. पण एक विचारतो, डीएनएस लावून जाहिरात अडवणं म्हणजे फुकट्यासारखं नाही का? त्या कोडग्याने मेहनत करून गेम बनवला, तुम्ही खेळता, पैसे देत नाही आणि जाहिरातही बघत नाही. नाटकाला मागच्या दाराने शिरण्यासारखं आहे.

सुपारी_कातरणारी

नाटकात दर प्रवेशानंतर कोणी स्टेजवरून उतरून माझ्या पर्समधे हात घालत नाही.

ठाणे_लोकल

पेपरात पण जाहिराती असतात की. पान उलटतो आपण. पान उलटताना पेपर मला उचलून दुकानात नेऊन सोडत नाही. माझं भांडण जाहिरातीशी नाहीच, लोकलच्या डब्यात चारी भिंतींवर जाहिराती असतात, बाबा बंगालीसकट, मी आनंदाने वाचतो.

कोडगा

@हडसनकाठचा_जोशी माझी बाजू घेतलीत, धन्यवाद, पण खरं सांगतो मला राग येत नाही. माझ्या स्वतःच्या फोनवर तेच डीएनएस आहे. आम्ही पहिल्या गेममधे दर लेव्हलला जाहिरात टाकली होती, पहिल्या आठवड्यात कमाई बघून मेहुण्याने पेढे आणले, तिसऱ्या आठवड्यात निम्मे लोक पळाले आणि रिव्ह्यूमधे आमच्या घरच्यांचा उद्धार सुरू झाला. दुसऱ्या गेममधे फक्त बक्षीसवाली ठेवली. कमी मिळतात, पण माणसं टिकली आहेत आणि ती जाहिरात लोक स्वतःहून बघतात. एकेक जण दिवसात दहा-दहा बघतो, शपथ.

त्यामुळे एखादा गेम खरंच आवडला तर एकदाच पैसे देऊन टाका, नाहीतर बक्षीसवाली बघा कधीतरी. सतावणाऱ्याला खुशाल अडवा.

म्हापसा_बाजार

जाहिरातीसाठीचा आयडी उडवला तर कमी येतात का? सेटिंगमधे गूगलच्या खाली आहे बघा.

झारीतला_शुक्राचार्य

कमी येत नाहीत, फक्त तुमच्या मागावर राहून निवडलेल्या येत नाहीत. अँड्रॉइड १२ पासून तो आयडी पुसता येतो, आयफोनवर १४.५ पासून ॲपला आधी विचारावं लागतं, तिथे नको म्हणा. तेवढ्या जाहिराती तेवढ्याच राहतात, गुडघ्याच्या तेलाऐवजी ट्रॅक्टरच्या दिसतील.

अर्धा_कप_चहा

अपडेट देते, सगळ्यांनी इतकं लिहिलंय.

शनिवारी गेले होते. ११ च्या ११ उडवली (कर्जवालं त्याच रात्री भावाने काढलं, त्याला फोन करून सांगितलं होतं). १५५२२३ वर मेसेज केला, काही चालू नव्हतं. मग शुक्राचार्यांचं डीएनएस लावलं आणि गेम उघडला. एक लेव्हल, दोन, पाच, काही नाही! मी इतकी खूश की निघताना आईला पायाच पडायला लावणार होते माझ्या.

रविवारी सकाळी सात वाजता फोन. "अगं, माझे दिवे मिळेनात." मला वाटलं लाईट गेली. तर गेममधे अडलं की दिवा मिळतो, दिवा लावला की पुढची फरशी कुठली ते दाखवतो, आणि तो दिवा मिळवायला आई जाहिरात बघत होती. दिवसाला किती माहीत नाही, विचारायचं धाडस नाही. आता व्हिडिओ उपलब्ध नाही असं येतंय. वर म्हणते, "त्या मसाल्यांच्या बाईचं काय झालं मग, सासू आली का तिची?" मी म्हटलं आई ती जाहिरात होती, म्हणे मला कळतंय गं, पण अर्धवट राहिली.

कोडगा

वर काय म्हणालो होतो मी :) डीएनएस काढा आणि १९९ वालं घ्या. मधे घुसणाऱ्या जातील आणि दिव्यांची राहील.

अर्धा_कप_चहा

घेतलं. म्हणजे भावाने घेतलं, आज संध्याकाळी तिच्याच खात्यावर, आईला सांगितलं फुकट मिळालं. डीएनएस परत ऑटोमॅटिकवर आणलं. हिरवं बटण दाबायचं नाही, अशी चिठ्ठी फोनच्या कव्हरवर मागे चिकटवलीय ठळक अक्षरात. दिवे मिळाले. अबोला पण सुटला, जेवायला थांब म्हणाली त्याला.

मावशीलाही तोच गेम टाकून हवाय आता. सांगलीत कोणी आहे का?

उंटावरचा_शहाणा

विमान मोड फुकट होता.